उलट्या पाण्याची चादर

त्या दिवशी नदी उलटी वाहत होती, तरीही मुकादमाने धुण्याचं गाठोडं घाटावर पाठवलंच.

उन्हाळा सरता सरता वर्षातून एक दिवस नदी समुद्राकडे पाठ फिरवायची आणि डोंगराकडे चढू लागायची. आवाज न करता. पाण्याला बंद कपाटासारखा वास यायचा. वर्षभरात वाहून गेलेलं थोडंफार ती परत आणायची. चपला, टोपल्या, एखादं तुटकं वल्हं. पोरं काठावर टाळ्या पिटायची. इस्पितळाच्या धुणेवाल्या मात्र त्या दिवशी पाण्यात बोटही बुडवत नसत. वर्षभर आपण नदीला काय दिलंय, ते त्यांनाच ठाऊक.

इस्पितळाच्या प्रत्येक चादरीच्या कोपऱ्यात लाल धागा असे. रोगी दगावला की धागा कापून चादर नदीत सोडायची. धागा कापला, म्हणजे ती आता इथली नाही.

"मुकादमाला म्हणावं, स्वतः उतर पाण्यात," म्हातारी मावशी पायरीवर बसल्या बसल्या म्हणाली. ती आणि तिच्या जोडीची धुणेवाली, दोघी मिळून चौघींचं काम ओढत होत्या.

"सांगितलं. म्हणाला, नदी उलटी फिरली म्हणून लोकांचा ताप फिरतो का?"

"मेल्याच्या जिभेला हाड नाही!"

धुणेवाली हसली नाही. हसायलाही अंगात काहीतरी शिल्लक लागतं. तिची बारकी आठवडाभर मुलांच्या वॉर्डात तापाने फणफणत होती. सकाळीच सिस्टरने तिला बाजूला घेतलं होतं. "आज घाम फुटून ताप उतरेल. पण पोर ओल्यात राहिली तर माझ्या हातात काही नाही. कपाटात एकही चादर उरलेली नाही. कुठूनही कोरडी आण."

म्हणून ती उतरली. मावशी "अगं, नको" म्हणत राहिली, मग वाळवणाच्या दोरीकडे निघून गेली.

पाणी कोमट होतं. मान मोडेस्तोवर तिने चादरी खळबळल्या. शेवटची पिळताना बोटांतला जीवच गेला आणि चादर सुटली. ती धडपडत समुद्राकडच्या, खालच्या पायऱ्यांकडे धावली. सुटलेलं धुणं तिथेच अडतं, आयुष्यभर तिने ते तिथेच पकडलं होतं. आजही सापडलं. कोपऱ्यात लाल धागा. आपलीच. पिळायला घेतली तर थेंबभर पाणी निघालं. दोरीवर टाकायचीही गरज नव्हती. तिला नवल वाटायला हवं होतं, पण तिला फक्त बरं वाटलं.

संध्याकाळी तिने ती बारकीखाली अंथरली. चादर उबदार होती, कुणीतरी नुकतंच उठून गेल्यासारखी.

वॉर्डाच्या दारात मावशी भेटली. "मिळाली का कोरडी?"

"सुटली होती हातातून. खालच्या पायरीवर पकडली."

मावशीने तिचा दंड धरला.

"अगं... आज सुटलेली चादर वर गेली असेल ना. डोंगराकडे. खालून आली ती... कुणाची?"

"लाल धागा होता, मावशी."

"आपण कापत नाही का तो?"

धुणेवालीला आठवलं. हिवाळ्यात साथ आली होती. याच वॉर्डातून चादरींचे ढीग यायचे. कातरीने बोटं सुजली होती. एका पहाटे काही चादरी तिने तशाच सोडल्या होत्या. धाग्याने काय होतंय, असं म्हणून. लहान चादरी होत्या त्या...

ती आत धावली.

बारकीच्या कपाळावर घाम होता आणि अंग थंडगार. ताप उतरला होता. पोर पलंगाच्या अगदी काठाला झोपली होती, एवढा पलंग रिकामा असताना. पलीकडे चादरीत एक खळगा पडला होता. छोटासा.

"आई," बारकी डोळे न उघडता पुटपुटली, "हिला जरा सरकायला सांग ना..."

तिने पोरीला खसकन उचललं आणि पदराने घाम पुसून शेजारच्या मोकळ्या पलंगावर निजवलं. मग चादर ओढली. कातर काढून लाल धागा कापला. मागे न बघता घाटावर गेली. नदी आता सुलट झाली होती, समुद्राकडे घाईघाईने निघाली होती. चादर पाण्यावर पसरली, एकदा मधोमध फुगली आणि गेली.

"जा बाळा," ती म्हणाली. तिला रडूही आलं नाही, इतकी ती दमली होती.

ती परतली तेव्हा बारकी उठून बसली होती. पेज मागत होती. सिस्टर लांबूनच हसली. धुणेवालीने पोरीला कुशीत घेतलं, केसांवरून हात फिरवला, फ्रॉक सारखा केला. आणि तिचा हात थांबला.

फ्रॉकच्या खालच्या काठाला लाल धागा होता. इस्पितळाचा असतो तसाच, दुहेरी गाठ मारलेला.

"हे... कुणी शिवलं?"

"तिनं. बाजूला झोपली होती ना, तिनं." बारकी जांभई देत म्हणाली. "म्हणाली, हा असला की परत येता येतं."

धुणेवालीचा हात आपसूक कंबरेच्या कातरीकडे गेला. पाती उघडली. धागा पात्यांच्या मधोमध आला.

कापला, म्हणजे ती आता इथली नाही.

"आई, काप ना," बारकी म्हणाली. "टोचतोय."