निळीचा हौद

"बाई, उद्या अपिलाची मुदत संपतेय. तुम्हीच हात वर केलेत तर मी कुणाच्या तोंडाकडे बघू?"

फोनवर रंगाऱ्याची बायको होती. सरकारी वकीलबाईंनी फाईल मिटली आणि तडक रंगाऱ्याचं घर गाठलं. खटला त्याच हरल्या होत्या, आणि ते त्यांच्या जिवाला लागलं होतं.

रंगाऱ्याच्या डोक्यात कुणीतरी कापड रंगवायचा हौद ढवळायचा दांडा घातला होता. माणूस वाचला, पण वाचा गेली, अंग लुळं पडलं. साक्षीदार एकच, त्याचा धाकटा भाऊ. त्यानं नाव घेतलं लंबूचं, कामावरून नुकत्याच काढलेल्या कारागिराचं. लंबू तेव्हाच गल्लीच्या तोंडाशी सापडला, पण त्याच्या अंगावर रंगाचा ठिपकासुद्धा नव्हता. कोर्टानं त्याला निर्दोष सोडलं.

बाई पोचल्या तेव्हा धाकटा भाऊ रंगाऱ्याला भरवत होता. रंगारी ओठ घट्ट मिटून भिंतीकडे तोंड फिरवत होता.

"बघा ना!" बायको वैतागली. "सख्खा भाऊ भरवतोय आणि ह्यांचे नखरे. माझ्या हातून मात्र मुकाट खातात."

"चालायचंच, वहिनी," धाकटा कसनुसा हसला. त्याचे हात पांढरेस्वच्छ होते. तो पुढं दुकानात बसून गिऱ्हाइकांना कापड दाखवायचा. हौदाकडे फिरकायचाही नाही.

"त्या दिवसाचं पुन्हा सांगा," बाई म्हणाल्या.

"कितीदा सांगू? मी दारात आलो. लंबूनं हौदातून दांडा उपसला आणि दादाच्या डोक्यात घातला. दांड्यावरून निळा रंग ओघळत होता, त्याचे हात कोपरापर्यंत निळे. मी ओरडलो, त्याला धरलं, तर माझेही हात बरबटले. हिसडा देऊन पळाला."

"आणि तुम्ही कधी आलात?" बाईंनी बायकोला विचारलं.

"भाऊजी ओरडले तशी धावले. ते दारातच उभे, हात निळेशार. मला तर भोवळच आली."

बाईंना काही सुचेना. एवढाच दिवस हातात, आणि नवं काहीच नाही! त्या उठून मागं हौदापाशी गेल्या. बायकोही आली. हौदातून नुकताच काढलेला तागा दांडीवर टाकला होता.

"हा हिरवा कसा?"

"निळीचाच आहे हो. हौदातून निघतो तेव्हा असाच दिसतो. हवा लागली की सावकाश निळा होतो."

 बाईंनी पदर खोचून हौदातला दांडा उपसला. रंग मनगटांवरून कोपरांपर्यंत ओघळला. तसेच हात वर धरून त्या खोलीत परतल्या.

"बघा. काय रंग आहे?"

धाकट्यानं हातातलं ताट खाली ठेवलं.

"हिरवा," बाईच म्हणाल्या. "दांडा उपसताना ज्यानं पाहिला, तो निळा म्हणणार नाही. मारणाऱ्याचं लक्ष मात्र स्वतःच्या हातांकडे नसतं. तुम्ही हात पाहिलेत ते नंतर, निळे झाल्यावर."

"लंबूचा रंग लागला मला!"

"त्याच्या अंगावर ठिपकाही नव्हता. लंबूनं रंग धुतला कुठं, हेच आम्ही कोर्टात विचारत बसलो. तुमच्या हातांना तो आला कुठून, हे कुणालाच सुचलं नाही. मलाही नाही. आणि तुम्ही ओरडताच वहिनी धावल्या, तेव्हा तुमचे हात आधीच निळे होते. म्हणजे मारल्यावर तुम्ही इथंच थांबला होतात, भाऊ रक्तात पडलेला असताना. लंबू गल्लीत दिसला, तेव्हा कुठं तुम्हाला ओरडायला सुचलं."

बाईंच्या हातांवर आता निळसर झाक चढत होती. धाकटा त्यांच्याकडे टक लावून बघत होता.

"दादा ही जागा विकू देत नव्हता," तो शेवटी पुटपुटला. "एकच घातला. मेला असं वाटलं मला."

बाईंनी पोलीस ठाण्याला फोन लावला.

"आणि अपील?" बायकोनं विचारलं.

"लंबूनं काही केलंच नाही. अपील होणार नाही. खटला उभा राहील तो तुमच्या दिरावर."

ती नवऱ्याच्या खाटेशी बसली. "रोज तोंड फिरवत होतात तुम्ही. रोज सांगत होतात. आणि मी तुम्हालाच रागावत होते!"

रंगाऱ्याच्या डोळ्यांतून पाणी वाहू लागलं. धाकट्यानं कालवलेलं तिनं फेकून दिलं, हात धुतले, नवा घास केला.

रंगाऱ्यानं तोंड उघडलं.