तीन वाक्यांची बाई

मी पोलादपूरला शाळेत गणित शिकवतो. जे मोजता येत नाही त्याबद्दल बोलायची मला सवय नाही. म्हणून २००३च्या डिसेंबरात महाडला जे घडलं त्यातलं मी मोजलं आणि ऐकलं तेवढंच सांगतो.

माझी आत्या सोनाबाई. तिनं एकतीस नाटकांत आणि सत्तेचाळीस सिनेमांत काम केलं. आकडे तिच्या वहीतले आहेत. चौदाव्या वर्षी ती आमच्या वाडीतून मोठ्या भावाबरोबर मुंबईला गेली. परळला गिरणी कामगारांच्या नाटकात एक बाई आजारी पडली म्हणून तिच्या जागी उभी राहिली आणि पुढं चाळीस वर्षं उभीच राहिली. मोलकरीण, सुईण, वेडी, गर्दीत हंबरडा फोडणारी आई. जाहिरातीत नायक-नायिकेची नावं असत, मग खलनायकाचं, मग ‘आणि इतर’. आत्या त्या इतरांत.

दूरदर्शनवर तिचा सिनेमा लागला की आम्ही सगळे टीव्हीसमोर बसायचो. ती पाठमोरी यायची, तांब्या ठेवायची, निघून जायची. एकदा ती सुटीला घरी आलेली असताना मी चिडून म्हणालो, निदान चेहरा तरी दाखवायचा होता. ती म्हणाली, “पाठीनंही काम करता येतं रे.” मग उठली आणि चुलीपर्यंत दोनदा चालत गेली. पहिल्यांदा मुलगा गेलेली बाई, दुसऱ्यांदा मुलगा परत आलेली बाई. चेहरा दोन्ही वेळा आम्हाला दिसला नाही. माझी आई मात्र पदर डोळ्याला लावून बसली.

काम थांबल्यावर आत्या पोलादपूरला माझ्याकडं राहायला आली. २००१ साली तिला अर्धांगवायू झाला. उजवी बाजू गेली, वाचा गेली. मी शाळेत असलो की शेजारच्या साळूबाई तिच्याजवळ बसत.

महाडच्या एका नाट्यमंडळाला २००३ साली पन्नास वर्षं होत होती. एकसष्ट साली गाजलेलं आपलं नाटक पुन्हा करायचं त्यांनी ठरवलं. त्या काळी महाडच्या बायका रंगमंचावर येत नसत, म्हणून त्यातल्या मोलकरणीच्या कामासाठी आत्याला मुंबईहून बोलावलं होतं. आता अडचण अशी, की नाटकाची एकही प्रत उरली नव्हती. मंडळाचे अध्यक्ष स्वतः आमच्या घरी आले, चहा-पोहे घेतले, आत्याच्या कलेबद्दल बरंच बोलले. आत्यानं डाव्या हातानं ट्रंकेकडं बोट दाखवलं. वही निघाली, अख्खं नाटक हातानं उतरवलेली. तिची तीन वाक्यं लाल पेन्सिलीनं अधोरेखित केलेली होती.

तीन आठवड्यांनी स्मरणपत्रिकेचा मजकूर पाहिला. मूळ प्रयोगातल्या बाकी सगळ्यांची नावं होती. मंडपवाल्याचं होतं, फुलवाल्याचं होतं. आत्याचं नव्हतं. शिवाय वेळ वाचवायला मोलकरणीचं कामच कापलं होतं.

मी त्याच दिवशी महाड गाठलं. अध्यक्ष शांतपणे म्हणाले, “तीन वाक्यं, मास्तर. मोलकरणीचं नाव कोण छापतं?”

चवदार तळ्यापासून पाच मिनिटांवर बसून तो माणूस मला हे सांगत होता.

माझे कान तापले. मी वही परत मागितली. त्यांनी तोड काढली, तालमीला तुम्हीच वही घेऊन प्रॉम्प्टिंगला बसा, वही तुमच्या हातातच राहील. मी कबूल झालो. रोज समोर असलो तर नावासाठी रोज भांडता येईल, एवढाच हिशेब.

एका शाळेच्या सभागृहात संध्याकाळी पाचला तालीम सुरू व्हायची. नायकाचं काम अझीम करायचा. त्याचे ट्रक कशेडी घाटातून जायचे आणि फोन आला की तो तालीम सोडून बाहेर पळायचा. मूळ प्रयोग झाला तेव्हा त्याचा जन्मही झाला नव्हता.

पहिल्याच दिवशी एका वाक्यापुढं तो थांबला. मी हळूच पुढचे शब्द दिले. त्यानं हातानं मला गप्प केलं, डावीकडच्या दाराकडं पाहत राहिला आणि मग बोलायला लागला. विसरला असेल, मी समजलो. दुसऱ्या दिवशी त्याच जागी पुन्हा तेच. मी घड्याळ पाहिलं. चार सेकंद. वहीत त्या जागी आत्याचं कापलेलं वाक्य होतं: ‘बाईसाहेब, चहा ठेवलाय, गार होईल.’ मनात म्हणून पाहिलं. चार सेकंद.

चहाच्या वेळी मी अझीमला विचारलं. तो जरा ओशाळला. “मी थांबत नाही, सर,” तो म्हणाला. “कोणी बोलत असताना मधे कसं बोलायचं?”

त्या दिवशी घरी पोचलो तर साळूबाई दारातच भेटल्या. “सोनाबाय बोलली आज,” त्या म्हणाल्या. “चा म्हनली. मी चा करून दिला तर घेतला नाय.”

मला आधी आनंद झाला. वाचा परत येऊ शकते, असं डॉक्टर म्हणाले होते. मग मी वेळ विचारली. महाबळेश्वरची गाडी जायच्या जरा आधी, म्हणजे सव्वापाच-साडेपाच. महाड तिथून अठरा किलोमीटर. मी ती वेळ टिपून ठेवली.

आठवड्याभरात बाकीचेही बदलले. नायिका मधून चालत जाताना एका ठिकाणाला वळसा घालायला लागली. कुणी तसं सांगितलं नव्हतं. अझीम पेला घ्यायला हात पुढं करायचा आणि मूठ मिटायचा, पण पुरती नाही. बोटांत पेल्याएवढी जागा राहायची. अध्यक्ष ओरडले, या थांबण्याच्या जागा काढून टाका. नायिकेनं प्रयत्न केला. तेवढे चार सेकंद तिचे ओठ हलले आणि आवाज आला नाही.

मी अध्यक्षांना गाठून म्हणालो, नाव छापा. ते माझ्याकडं न बघता म्हणाले, छपाई झाली.

प्रयोग रविवारी सकाळी साडेदहाला होता. चारशे खुर्च्या भरल्या. मी वही घेऊन विंगेत बसलो होतो.

पहिलं वाक्य आलं तसं गेलं. लोक शांत होते.

दुसऱ्या ठिकाणी वहीत होतं: ‘साहेब घरी नाहीत म्हणू, की आहेत पण नाहीत म्हणू?’ अझीम थांबला. रंगमंचावर कुणीच काही बोललं नाही.

आणि सगळं सभागृह हसलं.

ते शांततेला हसत होते. मागून कुणीतरी शिट्टीही मारली.

तिसरं वाक्य अगदीच लहान होतं. ‘मी जाते मग.’ दोन सेकंद. मी घड्याळ धरून बसलो.

दोन झाले. दहा झाले. तीस.

अझीमनं मान खाली घातली. मग तो रंगमंचाच्या मधोमधून मागं सरकला. नायिकाही सरकली. मधली जागा मोकळी झाली.

एक मिनिट. दोन.

सभागृहात कुणीतरी नाक ओढलं. मग बायकांचे पदर डोळ्यांना गेले. पहिल्या रांगेत अध्यक्ष खुर्चीचे दोन्ही हात घट्ट धरून बसले होते.

विंगेजवळ बसलेल्या दोघींपैकी एकीनं हळूच विचारलं, “नाव काय म्हणाली ती?”

“सोनाबाई,” दुसरी म्हणाली.

मी वही पाहिली. तिसऱ्या वाक्यापुढं तिच्यासाठी काहीही लिहिलेलं नव्हतं. माझ्या आत्याला एवढं बोलायला कुणी कधी दिलंच नव्हतं.

चार मिनिटं दहा सेकंदांनी नाटक पुढं सुरू झालं. पडदा पडला तेव्हा लोक उभे राहिले होते. मी वही घेऊन स्टँडवर आलो आणि मिळाली ती पोलादपूरची गाडी पकडली. सगळ्या वाटेत मला भीती वाटत नव्हती. राग येत होता. एवढं बोलायचं होतं तिला, आणि चाळीस वर्षं तांब्या ठेवायला लावला.

साळूबाई बाहेर उन्हात पायरीवर बसल्या होत्या. एरवी त्या आत्याच्या खाटेजवळून हलत नसत.

“आतमधी पावणे कधी आले रे मास्तर?” त्यांनी विचारलं. “मी हितंच हाय. कुनी गेलेला नाय बघितला. मघापासनं टाळ्या वाजवतायत.”

मी दार लोटलं.

आत्या खाटेवर ताठ बसली होती. दोन वर्षांत ती आधाराशिवाय बसली नव्हती. समोर भिंत होती. तिनं मान किंचित झुकवली होती.

खोलीत दुसरं कुणी नव्हतं. टाळ्या मला स्वच्छ ऐकू येत होत्या. शेकडो हातांच्या.

मी उंबऱ्यातच उभा राहिलो. टाळ्या थांबेनात.

मग आत्यानं तिचा उजवा हात सावकाश वर उचलला, पुरे म्हणतात तसा, आणि टाळ्या एकदम थांबल्या.