अडलेलं जोडाक्षर

झेरॉक्सच्या दुकानात जायचं म्हणून ती शेजारच्या दारात शिरली, आणि तिथेच घात झाला. आत छापखाना होता. शाईचा उग्र वास, शिशाच्या अक्षरखिळ्यांनी भरलेल्या पेट्या, आणि बाह्या कोपरापर्यंत सरकवून अक्षरं जुळवत बसलेला एक जुळारी.

"लग्नपत्रिका मिळते छापून?" चुकले म्हणायचं सोडून तिने विचारलं.

"मिळते. पण एकेक अक्षर हाताने लावायचं, वेळ लागतो. घाई आहे?"

"लग्नाची? …नाही," ती बोलून गेली आणि तिने जीभ चावली.

तो हसला. असं हसणारा माणूस दिवसभर शिशाशी काय बोलत असेल, असं तिला वाटून गेलं.

पत्रिका तिची तिनेच आखली होती. वेलबुट्टी नको, चित्र नको; जाड कागदावर खोल उमटलेली नुसती निळी अक्षरं. नवरा मुलगा परगावी नोकरीला होता आणि प्रत्येक गोष्टीला 'तुला आवडेल तसं कर' म्हणायचा. वाईट नव्हता बिचारा. घरच्यांनी पाहिलेला, तिनेही हो म्हटलेला.

पहिलं प्रूफ आलं, तर नवऱ्याच्या नावात मधोमध एक काळा ठोकळा.

"यांच्या तोंडाला काळं कुणी फासलं?"

"त्यातलं जोडाक्षर संपलंय. खिळे ओततात त्या फाउंड्रीतून येईपर्यंत तिथे एक खिळा उलटा बसवलाय, जागा धरून ठेवायला."

"आणि तोवर?"

"तोवर बाकीचं नीट करू की."

मग काय, दोघंही हात धुऊन त्या बाकीच्याच्या मागे लागली. ती आज स्वल्पविराम काढायला लावायची, उद्या तोच परत मागायची. तो जराही न कुरकुरता ओळ सोडायचा आणि पुन्हा लावायचा. खिळ्यावरची उलटी अक्षरं वाचायला त्याने तिला शिकवलं — "आरशात बघतोय असं समजा" — आणि बोटाला बोट लागलं की दोघंही एकदम कागदाच्या जाडीबद्दल बोलायला लागायची.

"पत्रिका छापतेयस की ग्रंथ?" आईने विचारलं.

एका दुपारी तो शाई घोटत असताना तिने सहज एका खणात हात घातला. हाताला आलेला खिळा वाचला… तेच जोडाक्षर! एक नाही, खणभर.

लबाड, ती मनात म्हणाली, आणि खिळा हळूच जागच्या जागी ठेवला. आनंदाने तिचे कान तापले. आता हा बोलेल. आज नाही तर उद्या. त्याने एकदा बोलावं, मग घरी सांगायला ती मोकळी. तोंड आधी तिलाही उघडता आलं असतं, पण नाही. मोठी मानाची ना!

तो बोलला नाही. सासरहून मात्र फोन आला, पत्रिका कुठे अडल्यात? आई वैतागली. ती तडक छापखान्यात गेली आणि त्याच्याकडे न बघता म्हणाली, "ते अक्षर… आलं का हो?"

नाही म्हण, ती मनात विनवत होती. एवढं खोटं अजून एकदा बोल. पुढचं सगळं मी निस्तरते.

त्याचा हात थांबला.

"आलं," तो म्हणाला.

पत्रिका देखण्या झाल्या. आईने लगेच वाटल्यासुद्धा, झाडून सगळ्या नातेवाइकांकडे आमंत्रणं पोचली. उरलेला गठ्ठा न्यायला ती एकटीच आली.

"एक सांगू?" सुतळी बांधता बांधता तो म्हणाला. "ते अक्षर माझ्याकडे पहिल्यापासून होतं."

"माहीत आहे."

सुतळी त्याच्या हातात तशीच राहिली. "तुम्ही विचारलंत, तेव्हा मला वाटलं, तुम्हाला आता हे उरकायचंय. म्हणून दिलं काढून… पण माहीत होतं, तर विचारलंत कशाला?"

आता बोलून उपयोग नव्हता, आणि न बोलता तिला राहवेना.

"तुम्ही नाही म्हणाल म्हणून."