उंबरकड्याची उतराई

उंबरकडा निळा झाला होता! सात वर्षांनी एकदाच फुलणारी कारवी त्या डोंगराच्या माथ्यावर फुलली होती, आणि ती डोळे भरून बघायला हौसेराव शनिवारी दुपारी कोपरखैरण्याहून निघाले होते.

हौसेराव मूळचे पाटणकडचे. लहानपणी गुरांमागं हिंडताना त्यांनी एकदा गावचा अख्खा डोंगर फुललेला पाहिला होता. पुढं अठराव्या वर्षी ते मुंबईला आले, आधी मशीद बंदरला आणि मग तुर्भ्याच्या दाणा मार्केटात माथाडी म्हणून पाठीवर गोण्या वाहू लागले. त्यानंतर कारवी कितीदा फुलून गेली, त्यांना सवड झाली नाही. गेल्या वर्षी कंबरेनंच संप पुकारला. ‘मणक्यात गॅप आहे,’ डॉक्टरांनी सांगितलं. ‘चाला भरपूर, पण वजन उचलायचं नाही. पाण्याची बादलीसुद्धा नाही!’ तेव्हापासून हौसेराव गॅलरीत खुर्ची टाकून बसून असत. बोलणंही कमी झालं होतं.

त्यांची मुलगी उन्नती ऐरोलीतल्या एका ऑफिसात कामाला होती. तिथला तिचा मित्र कल्पेश, खाडीकाठच्या तळवलीचा, डोंगर चढायचा शौकीन. त्यानंच ही दोन दिवसांची सहल शोधून काढली : शनिवारी रात्री उंबरवाडीत एका ठाकर कुटुंबाच्या घरी मुक्काम, आणि रविवारी घरच्याच वाटाड्याबरोबर माथ्यावर. वडिलांना, म्हणजे अण्णांना, घेऊन दोघंही निघाली होती.

वाटाड्या म्हणजे सगुणाबाई निघाली! चाळिशीची, काटक, अनवाणी. चहा हातात देता देता तिनं पाहुण्यांच्या बुटांचे तळवे तपासून घेतले. तिचा नवरा विलास चुलीपाशी बसून तांदळाच्या भाकरी थापत होता. कल्पेशनं मोरा बंदरावर राहणाऱ्या आत्याकडून आणलेले सुके बोंबील त्याच्या पुढ्यात ठेवले, तसा तो खूश झाला.

“परतीच्या पावसाचे दिस हायेत,” जेवताना सगुणानं बजावलं. “सकाळी डोंगर हसतोय, दुपारी आभाळ फाटतं. दोनच्या आत ओढ्याच्या अलीकडं यायचं. मंग कुनी कायबी म्हनो.”

“आनि दोनपर्यंत नाय आलात,” विलास म्हणाला, “तर मी मानसं घेऊन निघतो.”

सारवलेल्या ओटीवर घोंगडी अंथरून हौसेराव झोपले. गॅलरीतल्या वर्षभरात लागली नव्हती अशी झोप त्यांना त्या रात्री लागली.

सकाळी नऊला चौघं निघाले. भातखाचरांच्या बांधावरून वाट ओढ्याकडं गेली. पाणी घोट्याएवढंच आणि इतकं स्वच्छ, की तळाचे गोटे मोजावेत! ओढा ओलांडल्यावर रान दाट झालं. उन्नती दर वळणावर मागं बघत होती. अण्णांना धाप लागलीय का? कंबर दुखतेय का? पण हौसेरावांचं पाऊल रानात पडलं आणि जुनं काहीतरी जागं झालं. हे उंबराचं, ही करवंदाची जाळी, हा भोरड्यांचा थवा... ते बोलत सुटले. एका वर्षात बोलले नसतील तेवढं त्या दोन तासांत बोलले! सगुणा मागं वळून हसायची.

“दादा, तुमी तर आमच्यातलेच निघालात.”

साडेअकराच्या सुमाराला ते कड्याच्या कुशीला आले. इथून वाट आडवी जात होती. डाव्या हाताला ओला कातळ, उजव्या हाताला उतार, आणि उताराच्या खाली धुक्यानं भरलेली दरी. उतारावर कारवी माजली होती, पण तिच्यावर नुसत्या कळ्या होत्या. फूल वर होतं, माथ्यावर. वीस मिनिटांच्या चालीवर.

“एकामागं एक. पाय कातळाकडं ठेवा,” सगुणा म्हणाली आणि पुढं झाली. तिच्या मागं उन्नती, मग हौसेराव, शेवटी खांद्यावर दोर घेतलेला कल्पेश.

अर्धी वाट झाली असेल. उन्नतीचा पाय गवताच्या कडेवर पडला. गवत होतं, पण खाली माती नव्हती! कड ढासळली. तिच्या तोंडून किंकाळीसुद्धा फुटली नाही. हौसेरावांनी हात पुढं टाकला, तो हवेतच राहिला. पण सगुणा वळली होती. तिनं उन्नतीच्या सॅकचा पट्टा पकडला आणि अंगातलं सगळं बळ लावून तिला कातळाकडं भिरकावलं. त्या हिसड्यानं ती स्वतः तोल जाऊन उतारावर गेली!

दगड घरंगळले. काटक्या मोडल्याचा आवाज झाला.

“सगुणाताईऽऽ!”

“हाय!” खालून आवाज आला. “हाय मी! पाय... पाय गेला माझा.”

पंधरा फुटांवर कारवीच्या दाट जाळीनं तिला अडवून धरलं होतं. जाळीच्या पलीकडं काही नव्हतं.

उन्नती कातळाला चिकटून बसली होती. हौसेरावांनी एकदाच तिच्या डोक्यावर हात ठेवला आणि कल्पेशकडून दोर घेतला. ट्रकवरचा माल बांधण्यात त्यांचं आयुष्य गेलेलं. कातळात उगवलेल्या अंजनाच्या झाडाला त्यांनी अशी गाठ मारली, की हत्ती बांधावा. कल्पेश दोराला धरून खाली उतरला. त्यानं सगुणाच्या काखेखालून दोराचा फास घेतला. वरून बापलेक ओढत होते, खालून कल्पेश रेटत होता, आणि सगुणा ओठ चावत एका पायानं माती उकरत वर सरकत होती. ती वाटेवर आली तेव्हा तिच्या ओठातून रक्त येत होतं. उजवी नडगी मधेच वाकली होती.

उन्नतीनं ओढणी फाडली. हौसेरावांनी कारवीच्या चार सरळ काठ्या मोडून पायाला दोन्ही अंगांनी बांधल्या. कल्पेश मोबाइल उंच धरून वाटेवर इकडून तिकडं फिरून आला. रेंज कुठंच नव्हती.

सगुणानं डोळे पुसले. मग ती जे बोलली ते हौसेरावांना कधी विसरता आलं नाही.

“दादा, वाट सरळ हाय आता. तुमी तिघं वर जाऊन फुलं बघून या. मी बसते हितं. एवढ्या लांबून आलाय तुमी.”

हौसेरावांनी वर पाहिलं. क्षणभर धुकं फाटलं आणि माथ्याची कड दिसली, निळीजांभळी, उन्हात चमकणारी. चाळीस वर्षं! आणि पुढच्या खेपेला आपण किती वर्षांचे असू? त्याच वेळी माथ्यामागं पहिला गडगडाट झाला.

“खुळ्या हायसा का ताई?” ते म्हणाले. “ओढा भरायच्या आत खाली जायचं. कल्पेश, उचल!”

कल्पेश रोज जिममध्ये जाणारा. त्यानं सगुणाला पाठीवर घेतलं आणि झपाझप पन्नास पावलं टाकली. एकावन्नाव्या पावलाला त्याचा गुडघा दुमडला. सगुणा कळवळली.

“सॉरी मावशी... उतारावर पायच थांबत नाय,” तो धापा टाकत म्हणाला.

“ती गोनी न्हाई, झटक्यानं नेऊ नको,” हौसेराव म्हणाले आणि त्यांनी शर्टाच्या बाह्या दुमडल्या.

“अण्णा, नाही!” उन्नती आडवी आली. “डॉक्टरांनी काय सांगितलंय? बादलीसुद्धा नाही! काही झालं तर...”

हौसेरावांनी तिच्याकडं नीट पाहिलं. केसात माती, गालावर ओरखडा. पण उभी होती, बोलत होती, रागावत होती.

“उन्ने, ही बाई नसती तर तू आत्ता कुठं असतीस?”

उन्नती बाजूला झाली.

सगुणा मात्र संकोचली. परक्या पुरुषाच्या पाठीवर कसं बसायचं? “तुम्हाला भाऊ असता तर त्याच्या पाठीवर बसला असता का न्हाई?” हौसेरावांनी विचारलं, आणि उत्तराची वाट न बघता पाठ करून खाली बसले. पावसासाठी बरोबर घेतलेल्या घोंगडीची झोळी करून उन्नतीनं तिला त्यांच्या अंगाला बांधलं. हौसेरावांनी तळवे मांड्यांवर ठेवले. कंबर ताठ. जोर गुडघ्यांचा. श्वास आत... आणि उठले!

पंचेचाळीस किलो असेल. तुर्भ्यात याला कोणी ओझं म्हटलं नसतं.

ते उतरू लागले. छोटं पाऊल, पूर्ण तळवा, मग दुसरं. बोलणं बंद. खाली बघितलं तर तोल जातो, म्हणून नजर पुढं. पायाखालचं सगुणा बघत होती.

“डावीकडं घ्या. तिथं शेवाळ हाय. आता मोठा दगड, बसून उतरा. हां. आता सरळ.”

पाय त्यांचे होते आणि वाट तिची. दर शंभर पावलांनी ते कातळाला टेकून थांबत. उन्नती त्यांच्या तोंडात पाणी घाली. एक वाजता पाऊस आला. साधासुधा नव्हे, वाट दिसेनाशी करणारा! धुक्यात तीन वाटा फुटत होत्या. पण पाठीवरून हाक येई, “उंबराच्या खालून, दादा,” आणि ते उंबराच्या खालून जात.

ओढ्याचा आवाज लांबूनच ऐकू आला. सकाळचं घोट्याएवढं पाणी आता मांडीला लागेल एवढं चढलं होतं, गढूळ, फेसाळ, फांद्या वाहून नेणारं. अजून तासभर थांबलं तर रात्र ओढ्याच्या याच काठावर काढावी लागणार. आणि सगुणाचं अंग तापू लागलं होतं.

“मी पुढं जातो काका,” कल्पेश म्हणाला. त्याच्या चेहऱ्यावरची शरम आता गेली होती. “खाडीकाठचा हाय मी. पान्याला काय घाबरायचं?”

दोराचं एक टोक झाडाला, दुसरं त्याच्या कमरेला. तो प्रवाहाच्या वरच्या अंगानं शिरला. पाण्यानं त्याला लोटलं. तो बुडाला! उन्नतीनं डोळे मिटले. उघडले तेव्हा तो पलीकडच्या मुळीला लोंबकळत होता. मग उभा राहिला. दोर जांभळीला बांधला आणि ताणून दाखवला.

हौसेराव पाण्यात उतरले. डावा हात दोरावर. मागून उन्नती सगुणाचा पाय पाण्याच्या वर धरून. एक पाऊल. गोटा हलला. दुसरं. पाणी कमरेशी झोंबू लागलं. मधोमध आले आणि कंबरेतून कळ निघाली, खाली टाचेपर्यंत आणि वर मानेपर्यंत, वीज शिरावी तशी! डोळ्यांपुढं अंधारी आली. पाय उचलेना.

“दादा,” कानाशी आवाज आला, “मला सोडा. दोर धरून मी ऱ्हाईन उभी.”

“गप बसा!” हौसेराव ओरडले. “एकदा पाठीवर घेतलं की ठिकाणावरच उतरवतो मी!”

त्या ओरडण्यानंच की काय, पाय सुटला. एक. अजून एक. कल्पेशचा हात आला. हाताला हात लागला. किनारा!

ते गुडघ्यांवर कोसळले, पण समोरच्या बाजूला. पाठ वर राहिली. सगुणाला खरचटलंसुद्धा नाही.

आणि झाडीतून हाका आल्या. विलास! त्याच्या मागं बांबू आणि घोंगड्या घेऊन वाडीतली आठ-नऊ माणसं. त्यानं बायकोला पाहिलं, तिचा पाय पाहिला, आणि तिचा चेहरा दोन्ही हातांत धरला. डोली बांधली गेली. चौघांनी सगुणाला उचललं.

“चला अण्णा,” उन्नती म्हणाली.

हौसेराव हसले. “उठता येत न्हाई गं.”

मग दुसरी डोली बांधली! ‘नको, नको, मी चालतो’ म्हणेपर्यंत त्यांना घोंगडीत निजवलं आणि बांबू खांद्यांवर चढला. हौसेराव आभाळाकडं तोंड करून डुलत चालले. आयुष्यभर त्यांनी दुसऱ्याचं वाहिलं होतं, स्वतः कोणाच्या खांद्यावर कधी गेले नव्हते. वाहणाऱ्यांतला एक म्हातारा दर थोड्या वेळानं वाकून विचारी, “हिसका बसतोय का दादा?” पावसामुळं त्यांचे डोळे कोणाला दिसले नाहीत, हे बरं झालं.

सगुणाला त्याच संध्याकाळी जीपनं तालुक्याला नेलं. हौसेरावांच्या कंबरेनं मात्र त्यांना पुढं चार दिवस वाडीतच ठेवून घेतलं. कल्पेश कामावर परतला, उन्नतीनं रजा वाढवली. वाडीतलं एकेक घर येऊन जाई. कोणी निरगुडीचा पाला, कोणी वाळूचा शेक, कोणी नुसतीच काकडी. ‘आमच्या सगुणाला आनली तुमी,’ एवढंच म्हणत आणि बसत.

दुसऱ्या दिवशी दुपारी जीप आली. पायाला प्लास्टर घालून सगुणा ओटीवर टेकली. हौसेराव भिंतीला धरून उठले, तिच्यासमोर आले आणि हात जोडून उभे राहिले. काल या गडबडीत एक गोष्ट बोलायची राहून गेली होती.

“ताई, माझी एकच लेक...”

“हात जोडू नका,” सगुणा म्हणाली. “माजी दोन लेकरं आश्रमशाळेत हायेत. त्यांची आय तुमी घरी आनली. हात मी जोडायचे.”

“आवं, पन तुम्ही पडला ते आमच्यापायी!”

“आनि तुमी मोडलात ते कुनापायी?”

दोघंही रडू लागले, आणि तरी भांडतच होते. उन्नतीही दाराशी डोळे पुसत होती. शेवटी विलास पळी घेऊन बाहेर आला.

“आभार मानून झालं असंल तर जेवा दोगं बी. भात निवतोय!”

सगळे हसले. सगुणा सरकली, हौसेराव तिच्या शेजारी ओटीवर जपून बसले, आणि त्या दुपारी त्यांनी तीनदा भात मागून घेतला.