चौथा मुखवटा

ओल्या रबराचा आणि माणसाच्या घामाचा वास एकत्र आला की मला मळमळतं. तरी दर रविवारी पळसदरीच्या रिसॉर्टवर माझा धाकटा भाऊ रत्नदीप भूत व्हायचा आणि त्याचा मुखवटा मीच धुवायची.

तिथला शो म्हणजे लहानपणी टीव्हीवर लागणाऱ्या कार्टूनची नक्कल. चार पोरं, एक कुत्रा, एक भूत. शेवटी मुखवटा ओढला की आत वॉचमन. जाहिरातींत तेच, रील्समध्ये तेच, कॉलेजच्या गॅदरिंगला तेच. रत्नदीप तिथला खराच वॉचमन, म्हणून पाहुण्यांना जास्तच गुदगुल्या. मला त्या हसण्याचीही शिसारी यायची.

"आजचा शेवटचा रविवार, ताई. उद्या खोपोलीच्या कारखान्यात हजर व्हायचं हाय."

शो बसवणाऱ्या वरदने शेवटाला नवी गंमत काढली होती: मुखवट्याखाली मुखवटा. रत्नदीपच्या चेहऱ्याचा साचा घेऊन तीन मुखवटे मीच ओतले.

भर दुपारी, हिरवळीवर वरदने पहिला ओढला. हशा. दुसरा. तिसरा. आत घामाघूम रत्नदीप.

हशाच्या भरात वरदने पुन्हा हात घातला.

चौथा निघाला.

आत रत्नदीपच. लोक लोटपोट हसले. वरद तेवढा हसला नाही. हातातलं त्याने माझ्या मुखवटे धुवायच्या बादलीत टाकलं आणि बोटं पँटला पुसत राहिला.

"तीनच सांगितले होते ना, उज्वला?"

"तीनच केलेत."

बादलीत हात घातला. तो चौथा मुखवटा कोमट होता. हनुवटीवरचे दाढीचे खुंट अंगठ्याला टोचले. मी तिथेच ओकले.

टाकून देववेना. भावाचंच तोंड होतं ते. घरी आणून मागच्या दोरीवर चिमटा लावून टांगलं, भिंतीकडे तोंड करून.

"दुखतंय का रं?"

"नाय गं. हलकं वाटतंय." रत्नदीपचे गाल गुळगुळीत होते.

सोमवारी दुपारीच तो परत आला. कारखान्याच्या फाटकावर चेहरा दाखवून हजेरी लागते. गेल्या आठवड्यात त्यांनी त्याचा चेहरा मशीनमध्ये घेतला होता.

"मशीन मला वळखत नाय, ताई. दुसरा माणूस पाठवला म्हणून हाकलला. मोबाइल पण उघडत नाय."

"डोळे नीट उघडून बघ. मिटले की तो उघडत नाही."

त्याने टक लावून पाहिलं. तीनदा. मोबाइल बंदच.

मी मोबाइल घेऊन मागच्या दारी गेले. दोरीवरचं तोंड माझ्याकडे वळलं होतं. नाक दाबून मी मोबाइल त्याच्यासमोर धरला.

उघडला.