मथुराकाकूंचे चाळीस सेकंद

कणकवलीला दवाखान्यावरच्या एका खोलीत मी माहितीपटांचं संकलन करते. वीस वर्षं झाली. त्यातली अकरा दिग्दर्शक धनेशबरोबर. तो शूट करून आणायचा आणि काय ठेवायचं, काय काढायचं ते माझ्यावर सोपवायचा.

आचऱ्याच्या रापणकरांवरच्या, किनाऱ्यावरून जाळं ओढणाऱ्या मच्छीमारांवरच्या, फिल्मसाठी आम्ही दिराच्या घरात राहणाऱ्या मथुराकाकूंशी बोललो. बोलता बोलता त्या सांगून गेल्या, की वादळाचा इशारा असताना दिरानेच त्यांच्या मुलाला, सुदेशला, होडी काढायला लावली. होडी परत आली नाही. मग त्यांनी माझा हात धरला.

"ह्या कोणाक दाखव नको गो. माका ह्याच घरात रवाचा आसा."

मी शब्द दिला आणि ते चाळीस सेकंद काढून टाकले.

बुधवारी महोत्सवाला गेलेली प्रत सहज उघडली. चाळीस सेकंद त्यात होते. धनेशने सोमवारी ते परत जोडून, मला न सांगता प्रत पाठवली होती.

मी फोन केला.

"फिल्मचा जीव त्यातच आहे, संचिता. आणि त्या बाई कुठे बघायला येणार आहेत?"

"मी त्यांना शब्द दिला होता."

"तू दिलास. मी नाही."

अकरा वर्षांत त्याच्या आवाजात मला असा थंडपणा कधी ऐकू आला नव्हता. निदान माझ्याकडच्या प्रतीतून तरी काढू, म्हणून मी ते चाळीस सेकंद पुन्हा कापले.

चित्र गेलं. आवाज राहिला.

ध्वनीची पट्टी तपासली. रिकामी होती. स्पीकरची पिन काढली. काकू बोलतच होत्या, अगदी जवळून, श्वास ऐकू येईल इतक्या.

मी संगणक बंद केला आणि आचऱ्याची एसटी धरली. त्यांना खरं सांगायलाच हवं होतं.

काकू ओटीवर बसल्या होत्या. दिराची सून भक्ती दारात उभी होती.

"सोमवारपासून असाच चल्लाहा," ती हळूच म्हणाली. "ओठ हलतत, पण आवाज नाय. डॉक्टर म्हणता घसो बरो आसा."

मी समोर बसले. माफी मागितली. काकूंनी माझ्याकडे बघितलंसुद्धा नाही. ओठ हलत होते.

माणसांच्या ओठांवर नजर ठेवूनच मी वीस वर्षं काम केलंय. त्यांचे शब्द मला कळत होते. दीर, इशारा, सुदेश, होडी. शेवटी त्यांनी पदर तोंडाशी नेला, एकदा डोळे मिटले.

आणि पुन्हा पहिल्या शब्दापासून सुरू झाल्या.

मी घड्याळ लावून पाहिलं. चाळीस सेकंद.