दुसऱ्या ग्लासातली कवळी

"आजोबा, त्या दुसऱ्या ग्लासातली कवळी कोणाची?"

हे विचारायची पैज मैत्रिणींनी लावली होती. "विचार, नाहीतर जन्मभर घाबरट म्हणून मिरव."

मी आणि घाबरट? हॅ.

हे अक्षरशः घडलंय. गेल्या शनिवारी, भर दुपारी एक वाजता, आमच्या समोरच्या फ्लॅटमध्ये. हसणाऱ्यांनी खुशाल हसा.

तिथे कवळीवाले आजोबा एकटे राहतात, पण टेबलावर कवळ्यांचे ग्लास दोन. आयुष्यभर लोकांच्या कवळ्या बनवल्या, म्हणून हे नाव. आजी दोन वर्षांपूर्वी गेल्या. आई रोज डबा देते, पोचवते मी.

त्या आठवड्यात सोमवारपासून डबा चाटूनपुसून रिकामा यायचा. तळाशी फक्त चावलेला चोथा... चिकट, लाळेनं बुळबुळीत. शी! आणि तो धुवायचा कोणी? मीच.

आई मात्र खूश. "भूक सुधारली हो त्यांची."

पण आजोबांचा सदरा तर खांद्यावरून घसरत होता...

माझा प्रश्न ऐकून ते दचकलेसुद्धा नाहीत.

"हिची गं. मीच बनवलेली. माप चुकलं माझं. टोचायची तिला. शेवटी खाणंच सोडलं, उपाशी गेली." टेबलावर आजींच्या जबड्याचा प्लास्टरचा साचा होता. "ह्यावर बसवून रोज थोडी घासायचो. सोमवारी जमली बघ."

सोमवारी...

डबा टेबलावर ठेवून मी त्या दुसऱ्या ग्लासात डोकावले. पाणी गढूळ. दाढांच्या फटीत पालेभाजीचा हिरवा तंतू. ताजा.

पालेभाजी तर आजच्या डब्यात होती...

मी झाकण उघडलं.

रिकामा. तळाशी चोथा. कोमट.

"आजोबा, मग तुम्ही काय खाता?"

"दूध पितो. तिचं होऊ दे आधी."

मागे आवाज झाला... कट्. कट्.

मी वळले. ग्लासात नुसतं पाणी होतं.

आजोबांचा हात धरून मी त्यांना ओढतच आमच्या घरी आणलं. डबा तिथेच राहिला. आजोबांनी दोन वाट्या मऊ भात खाल्ला.

त्या फ्लॅटला कुलूप आहे. तरी रोज एक वाजता दारामागून...

काल आई म्हणाली, "अगं, तो डबा आण की. चांगला स्टीलचा आहे."

बाबांनी किल्ली पुढे केली. मी हात मागे घेतला आणि दोघांना सांगून टाकलं, "आजोबा आता कायमचे आपल्याकडे राहणार. आणि तो डबा आजींचा."